बेन होगन : घामातून घडलेला गोल्फसम्राट

१९९२ सालचा हंगाम संपला आणि अमेरिकेतील ‘बेन होगन टूर’ हे नाव इतिहासजमा झाले. होतकरू व्यावसायिक गोल्फपटूंसाठी १९९० मध्ये सुरू झालेल्या या मालिकेला त्या नावाने अवघे तीन हंगाम लाभले. मालिका बंद पडली नाही. १९९३ पासून नव्या प्रायोजकाच्या नावाने ती पुढे चालू राहिली आणि त्यानंतरही तिची नावे बदलत गेली. मात्र पहिल्या तीन वर्षांत तिच्या माथ्यावर जे नाव होते, त्याचे मालिकेत खेळणाऱ्या पोरांशी जितके जवळचे नाते होते तितके नंतरच्या कुठल्याच नावाचे नव्हते. खिशात पैसे नाहीत, परतीच्या प्रवासाची शाश्वती नाही आणि तरीही उद्या सकाळी मैदानावर उभे राहायचेच, या अवस्थेतून बेन होगन स्वतः गेले होते. एकदा नव्हे, अनेकदा.

गोल्फ म्हटले की मुंबईकर वाचकाच्या डोळ्यांपुढे हिरवळ, मोटारींची रांग आणि बड्या अधिकाऱ्यांची रविवारची सकाळ उभी राहते. नाहूर-भांडुपच्या वसाहतीत वाढणाऱ्या मुलाच्या हाती बॅट लवकर येते, गोल्फचा क्लब क्वचितच. काही मैलांवर चेंबूरला १९२७ पासून ‘बॉम्बे प्रेसिडेन्सी गोल्फ क्लब’चे मैदान आहे, पण कुंपणापलीकडचा हा खेळ बहुतेकांना परकाच वाटत आला. होगन यांचे चरित्र या समजाला छेद देते. गोल्फच्या इतिहासातील अग्रगण्य खेळाडूंत ज्यांची गणना होते, ते होगन या खेळात आले ते दुसऱ्याच्या क्लबची पिशवी खांद्यावर घेऊन.

लोहाराचा मुलगा

बेन होगन यांचा जन्म १३ ऑगस्ट १९१२ रोजी अमेरिकेतील टेक्सास राज्यात स्टीफनव्हिल येथे झाला. बालपण जवळच्याच डब्लिन या छोट्या गावात गेले. वडील चेस्टर लोहारकाम करीत. मोटारी आल्या, घोडे कमी झाले आणि नाल ठोकणाऱ्या माणसाचा धंदा बसत गेला. पोटापाण्यासाठी कुटुंब फोर्ट वर्थ शहरात आले. तेथे फेब्रुवारी १९२२ मध्ये चेस्टर होगन यांनी स्वतःवर गोळी झाडून घेतली. तेव्हा बेन नऊ वर्षांचे होते. या प्रसंगाविषयी त्यांनी पुढे आयुष्यभर जवळजवळ मौनच पाळले. लोकांना त्यांचा जो अबोलपणा आणि थंडपणा जाणवत असे, त्याचे मूळ अनेक चरित्रकारांनी या घटनेत शोधले आहे.

घरातील कर्ता गेल्यावर तिन्ही मुलांना आईच्या हाताला हात लावावा लागला. बेन रेल्वे स्थानकावर वर्तमानपत्रे विकू लागले. अकराव्या वर्षी त्यांना कळले, की सात मैलांवरच्या ग्लेन गार्डन क्लबमध्ये कॅडीचे काम केले तर एका फेरीमागे पासष्ट सेंट मिळतात. वृत्तपत्र विकण्यापेक्षा ही कमाई बरी होती. तेथे लवकर पोहोचणे, थोराड मुलांच्या धक्काबुक्कीत टिकणे आणि मिळालेल्या वेळात जुन्या क्लबने चेंडू मारून पाहणे, ही त्यांची पहिली शाळा.

त्याच क्लबमध्ये त्याच वयाचा आणखी एक मुलगा पिशव्या वाहत होता. त्याचे नाव बायरन नेल्सन. पुढे ज्यांनी १९४५ मध्ये सलग अकरा स्पर्धा जिंकून आजही अबाधित असलेला विक्रम केला, तेच हे नेल्सन. १९२७ मध्ये कॅडींच्या स्पर्धेत दोघांची बरोबरी झाली आणि जादा फेरीत नेल्सन जिंकले. क्लबने कनिष्ठ सदस्यत्व देऊ केले तेही नेल्सन यांनाच. हसतमुख नेल्सन सर्वांना हवेसे वाटत. किरकोळ अंगाचा, अबोल होगन कोणाच्या फारसा नजरेत भरत नसे. क्लबचे दार बंद झाल्यावर होगन यांनी सार्वजनिक मैदानांचा रस्ता धरला.

रिकाम्या खिशाची वर्षे

१९३० च्या प्रारंभी, वयाच्या सतराव्या वर्षी, होगन व्यावसायिक खेळाडू झाले. तो महामंदीचा काळ होता. स्पर्धांतील बक्षिसे तुटपुंजी आणि तीही वरच्या काही क्रमांकांनाच मिळत. एका गावाहून दुसऱ्या गावी स्वतःच्या खर्चाने जायचे, राहायचे, खेळायचे आणि क्रमांक आला नाही तर रिकाम्या हाताने परतायचे. होगन एकाहून अधिक वेळा असे परतले. मधल्या काळात मिळेल ते काम करून त्यांनी पैसे साठवले आणि पुन्हा नशीब अजमावायला निघाले.

त्यांच्या खेळात एक मूलभूत दोषही होता. त्यांचा चेंडू उडताना अचानक डावीकडे वळत असे. गोल्फच्या भाषेत याला ‘हुक’ म्हणतात. ऐन मोक्याच्या क्षणी हा हुक दगा देई आणि हातातोंडाशी आलेले बक्षीस निसटून जाई. शिकवायला गुरू नव्हता आणि गुरू करण्यासाठी पैसेही नव्हते. तेव्हा स्पर्धकांनी विश्रांती घ्यावी अशा वेळी होगन एकटेच सरावाच्या जागी उभे राहून शेकडो चेंडू मारीत. स्पर्धेच्या फेरीनंतर पुन्हा तासन् तास सराव करण्याची पद्धत त्या काळी रूढ नव्हती. आज जगभरातील व्यावसायिक गोल्फपटू जी सरावाची शिस्त पाळतात, ती रुजविण्याचे मोठे श्रेय होगन यांना दिले जाते.

१९३५ मध्ये त्यांचा विवाह व्हॅलेरी फॉक्स यांच्याशी झाला. दोघे जुन्या मोटारीतून स्पर्धांमागून स्पर्धा हिंडू लागले. १९३८ च्या जानेवारीत कॅलिफोर्नियातील ओकलंड येथे परिस्थितीने टोक गाठले. गाठीला उरलेले पैसे संपत आले होते. अखेरच्या दिवशी सकाळी पाहतात तो मोटारीची मागची चाके चोरांनी काढून नेलेली. त्या दिवशी बक्षीस मिळाले नसते तर गोल्फ सोडून घरी परतणे एवढेच हाती होते. होगन कसेबसे मैदानावर पोहोचले, चांगले खेळले आणि काहीशे डॉलर घेऊन परतले. कुठलाही करंडक न मिळालेला हा दिवस त्यांच्या कारकिर्दीतील सर्वांत मोलाचा ठरला, कारण त्याविना पुढचे काहीच घडले नसते.

एकट्याच्या बळावरचे पहिले विजेतेपद त्यांना मिळाले ते मार्च १९४० मध्ये, पाइनहर्स्टच्या ‘नॉर्थ अँड साउथ’ स्पर्धेत. व्यावसायिक होऊन तेव्हा दहा वर्षे लोटली होती. बांध फुटावा तसे झाले. पाठोपाठच्या आणखी दोन स्पर्धा त्यांनी जिंकल्या आणि १९४०, १९४१ व १९४२ अशी सलग तीन वर्षे कमाईच्या यादीत ते अव्वल राहिले. महायुद्धात लष्कराच्या हवाई दलात सेवा बजावून परतल्यावर त्यांनी आपला स्विंग नव्याने बांधला. हुक नाहीसा झाला आणि चेंडू किंचित उजवीकडे झुकत हव्या त्या जागी अलगद उतरू लागला. १९४६ मध्ये त्यांनी तेरा स्पर्धा जिंकल्या. त्यांतील पीजीए अजिंक्यपद ही त्यांची पहिली ‘मेजर’ स्पर्धा. १९४८ मध्ये पीजीए आणि यूएस ओपन ही दोन्ही विजेतेपदे त्यांच्याकडे आली.

धुक्यातील बस

२ फेब्रुवारी १९४९. फिनिक्सची स्पर्धा आटोपून होगन दाम्पत्य मोटारीने फोर्ट वर्थला परतत होते. टेक्सासमधील व्हॅन हॉर्न गावाजवळ दाट धुके होते. एका पुलावर ट्रकला मागे टाकण्यासाठी बाजू बदललेली प्रवासी बस त्यांच्या मोटारीवर समोरून आदळली. धडक होण्यापूर्वीच्या क्षणी होगन यांनी स्वतःला पत्नीच्या अंगावर झोकून दिले. या कृतीने व्हॅलेरी बचावल्या आणि होगन यांचाही जीव वाचला, कारण सुकाणूचा दांडा चालकाच्या आसनात घुसला होता.

कटिभागाचे हाड दोन ठिकाणी मोडले होते. गळपट्टीचे हाड, डावा घोटा आणि बरगडी यांनाही इजा झाली होती. त्याहून भयंकर संकट काही दिवसांनी आले. पायांत रक्ताच्या गुठळ्या होऊन त्या फुप्फुसाकडे सरकू लागल्या. न्यू ऑर्लिन्सचे विख्यात शल्यविशारद डॉ. आल्टन ऑक्सनर यांना लष्करी विमानाने आणण्यात आले. त्यांनी पोटातून हृदयाकडे जाणारी मुख्य नीला बांधून टाकली. प्राण वाचले, पण पायांतील रक्ताभिसरण कायमचे मंदावले. पुढील आयुष्यभर होगन यांचे पाय सुजत, दुखत आणि लवकर थकत. गोल्फ हा चालण्याचा खेळ. अठरा होलची एक फेरी म्हणजे काही मैलांची पायपीट. हा माणूस पुन्हा चालेल की नाही, याचीच शंका होती; खेळण्याचा प्रश्न कोणी गांभीर्याने विचारतही नव्हते.

अकरा महिन्यांनी, जानेवारी १९५० मध्ये, ते लॉस एंजेलिस ओपनमध्ये उतरले आणि सॅम स्नीड यांच्याशी त्यांनी बरोबरी साधली. प्ले-ऑफमध्ये ते हरले. तरीही त्या हरण्याने सारा देश स्तिमित झाला.

त्याच वर्षी जूनमध्ये फिलाडेल्फियाजवळच्या मेरियन येथे यूएस ओपन झाली. तेव्हाच्या नियमानुसार अखेरच्या दिवशी एकदम छत्तीस होल खेळावे लागत. होगन पायांना घट्ट पट्ट्या गुंडाळून उतरले. दुपारच्या फेरीत पेटके येऊ लागले, पावले अडखळू लागली आणि हाती असलेली आघाडी एकेका होलला झिजत गेली. अखेरच्या होलवर बरोबरी राखायची तर चारच फटके हाताशी होते. दुसऱ्या फटक्यासाठी त्यांनी एक क्रमांकाची आयर्न काढली. भल्याभल्यांना न पेलणारा हा क्लब. चेंडू सरळ ग्रीनवर जाऊन थांबला. छायाचित्रकार हाय पेस्किन यांनी त्या क्षणाचे पाठीमागून टिपलेले छायाचित्र गोल्फमधील सर्वांत प्रसिद्ध छायाचित्र ठरले. दुसऱ्या दिवशीच्या प्ले-ऑफमध्ये होगन यांनी ६९ फटक्यांत फेरी पूर्ण करून लॉइड मँग्रम (७३) आणि जॉर्ज फाझिओ (७५) यांना मागे टाकले. अपघाताला तेव्हा सोळा महिने झाले होते.

१९५३ : सोनेरी वर्ष

दुखऱ्या पायांमुळे होगन यांनी स्पर्धांची संख्या कमी केली. वर्षाकाठी मोजक्याच ठिकाणी ते उतरत, पण तेथे त्यांची तयारी अशी असे की इतरांना दुसऱ्या क्रमांकाचाच विचार करावा लागे. १९५१ मध्ये मास्टर्स आणि यूएस ओपन त्यांनी जिंकली. १९५३ मध्ये तर त्यांनी सहा स्पर्धांपैकी पाच जिंकल्या. ऑगस्टा येथील मास्टर्स २७४ फटक्यांच्या तेव्हाच्या विक्रमासह, त्यानंतर ओकमाँटची यूएस ओपन आणि जुलैमध्ये स्कॉटलंडमधील कार्नोस्टी येथील ब्रिटिश ओपन.

ब्रिटिश ओपनमध्ये ते आयुष्यात एकदाच खेळले. तेथील वारा, कडक जमीन आणि अमेरिकेपेक्षा लहान आकाराचा चेंडू या साऱ्याची सवय व्हावी म्हणून ते आधीच जाऊन राहिले. चार फेऱ्यांतील त्यांचे फटके असे होते : ७३, ७१, ७० आणि ६८. प्रत्येक फेरी आधीच्या फेरीहून सरस. एकाच वर्षी चारही मेजर जिंकण्याची संधी मात्र त्यांना नव्हती, कारण पीजीए अजिंक्यपद आणि ब्रिटिश ओपनची पात्रता फेरी यांच्या तारखा एकमेकींवर आल्या होत्या. मायदेशी परतल्यावर न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेवर कागदांच्या वर्षावात त्यांची मिरवणूक निघाली. बॉबी जोन्स यांच्यानंतर असा मान मिळालेले ते पहिले गोल्फपटू.

चारही मेजर स्पर्धा कारकिर्दीत किमान एकदा जिंकणाऱ्या खेळाडूंची यादी अतिशय छोटी आहे. जीन साराझेन यांच्यानंतर या यादीत होगन आले. त्यानंतर गॅरी प्लेअर, जॅक निक्लॉस, टायगर वुड्स आणि २०२५ मध्ये रोरी मॅकिलरॉय. होगन यांची एकूण मेजर विजेतेपदे नऊ आणि अमेरिकी मालिकेतील विजय चौसष्ट. त्यांतील सहा मेजर अपघातानंतरच्या आहेत.

कारखानदार होगन आणि एक अनपेक्षित पराभव

१९५३ मध्येच होगन यांनी फोर्ट वर्थमध्ये गोल्फ क्लब बनविण्याची कंपनी काढली. पहिल्या खेपेचे क्लब मनासारखे उतरले नाहीत, म्हणून लाखभर डॉलरचा माल त्यांनी बाजारात जाऊ दिला नाही, असे सांगितले जाते. स्विंगच्या बाबतीत जी तडजोड त्यांनी केली नाही, ती धंद्यातही केली नाही. हर्बर्ट वॉरन विंड यांच्या साहाय्याने लिहिलेले त्यांचे ‘फाइव्ह लेसन्स’ हे पुस्तक १९५७ मध्ये निघाले आणि आजही गोल्फ शिकणारे ते हाताशी ठेवतात.

१९५५ ची यूएस ओपन मात्र त्यांच्या आयुष्यातील विलक्षण वळण घेऊन आली. सॅन फ्रान्सिस्कोच्या ऑलिंपिक क्लबवर त्यांनी अखेरची फेरी संपवली तेव्हा विक्रमी पाचवे विजेतेपद त्यांचेच, असे सर्वांनी गृहीत धरले. अभिनंदनाचा वर्षाव सुरू झाला. पण आयोवा राज्यातील नगरपालिकेच्या मैदानावर काम करणारा जॅक फ्लेक नावाचा अनोळखी खेळाडू अजून मैदानात होता. त्याने बरोबरी गाठली आणि दुसऱ्या दिवशी प्ले-ऑफमध्ये ६९ विरुद्ध ७२ असे होगन यांना हरवले. फ्लेकच्या पिशवीतील क्लब होते होगन यांच्याच कंपनीचे. महामंदीत रिकाम्या खिशाने हिंडणाऱ्या तरुण होगनसारखाच एक जण त्यांच्याच हत्याराने त्यांना हरवून गेला होता. पाचवी यूएस ओपन त्यांना पुढेही मिळाली नाही.

१९६० मध्ये त्यांनी कंपनी विकली, तरी कामकाजात लक्ष घालणे सोडले नाही. १९६७ च्या मास्टर्समध्ये, चोपन्नाव्या वर्षी, त्यांनी तिसऱ्या फेरीत ६६ फटक्यांची खेळी केली तेव्हा प्रेक्षक होलमागून होल उभे राहून त्यांना मानवंदना देत होते. १९७१ मध्ये ते स्पर्धात्मक खेळातून कायमचे बाजूला झाले.

नावाची मालिका, तीन हंगामांची

१९८० च्या दशकाअखेर पीजीए टूरचे आयुक्त डीन बीमन यांनी दुय्यम मालिकेची योजना आखली. मुख्य मालिकेत जागा न मिळालेल्या, पण गुणवान खेळाडूंनी करायचे काय, हा प्रश्न जुनाच होता. त्यांच्यासाठी वर्षभर चालणारी, नियमित बक्षिसे देणारी आणि वर चढण्याचा निश्चित मार्ग असलेली व्यवस्था नव्हती. होगन यांची कंपनी तेव्हा जपानी उद्योगपती मिनोरु इसुतानी यांच्या ताब्यात होती. कंपनीने प्रायोजकत्व स्वीकारले आणि १९९० मध्ये बेकर्सफील्ड येथे ‘बेन होगन टूर’ सुरू झाली. पहिली स्पर्धा माइक स्प्रिंगर यांनी जिंकली.

स्पर्धा तीन दिवसांच्या असत आणि छोट्या शहरांत होत. बहुतेक ठिकाणी बक्षिसाची एकूण रक्कम एक लाख डॉलर होती. ती साऱ्या क्षेत्रात वाटली जाई, म्हणजे खालच्या क्रमांकावरील खेळाडूच्या हाती जेमतेम आठवड्याचा खर्च पडे. पण हंगामाअखेर कमाईत पहिल्या पाचांत येणाऱ्यास मुख्य मालिकेत थेट प्रवेश होता, आणि तेच खरे बक्षीस होते. पहिल्या वर्षी जेफ मॅगर्ट अव्वल ठरले. त्याच हंगामात युटा येथे जिंकलेले जॉन डेली पुढच्याच वर्षी पीजीए अजिंक्यपद पटकावून घरोघर पोहोचले. १९९१ मध्ये टॉम लेहमन आघाडीवर राहिले. मुख्य मालिकेतून एकदा बाहेर फेकले गेलेले आणि छोट्या-मोठ्या स्पर्धांत वर्षे घालवलेले लेहमन १९९६ मध्ये ब्रिटिश ओपन विजेते झाले आणि १९९७ मध्ये काही काळ जगात पहिल्या क्रमांकावरही पोहोचले.

१९९२ हा होगन यांच्या नावाचा अखेरचा हंगाम. तीन स्पर्धा जिंकून जॉन फ्लॅनरी कमाईत अव्वल ठरले. मुख्य मालिकेत त्यांचे नाव लेहमन यांच्यासारखे गाजले नाही. शिडी मिळाली म्हणजे माडी मिळतेच असे नाही, हे सत्य या मालिकेने दरवर्षी दाखवून दिले आहे. त्याच सुमारास पेबल बीचच्या मैदानाचा अवाढव्य व्यवहार इसुतानी यांच्या अंगाशी आला होता. होगन कंपनी दुसऱ्या मालकाकडे गेली, १९९३ मध्ये तिचे काम फोर्ट वर्थहून व्हर्जिनियातील रिचमंडला हलले आणि मालिकेला ‘नाइके’चे नाव लागले. ज्या शहरात पोरवयात वृत्तपत्रे विकली, त्याच शहरात उभारलेला आपला कारखाना तेथून गेलेला होगन यांना वयाच्या ऐंशीनंतर पाहावा लागला.

पुढे ही मालिका २००० मध्ये ‘बाय डॉट कॉम’, २००३ मध्ये ‘नेशनवाइड’, २०१२ मध्ये ‘वेब डॉट कॉम’ आणि २०१९ मध्ये ‘कॉर्न फेरी’ झाली. तिचा लाभ भारतीयांनाही झाला. कोलकात्याचे अर्जुन अटवाल यांनी २००८ मध्ये याच मालिकेतील चॅटनूगा क्लासिक जिंकली आणि २०१० मध्ये विंडहॅम चॅम्पियनशिप जिंकून पीजीए टूरवर विजय मिळविणारे ते पहिले भारतीय ठरले. भारतातही कॅडींच्या पंगतीतून वर आलेल्यांची परंपरा आहे. १९९१ मध्ये इंडियन ओपन जिंकणारे पहिले भारतीय व्यावसायिक अली शेर हे दिल्लीत कॅडी म्हणूनच वाढले होते.

बेन होगन यांचे निधन २५ जुलै १९९७ रोजी फोर्ट वर्थ येथे झाले. तेव्हा ते चौऱ्याऐंशी वर्षांचे होते. मालिकेच्या फलकावरून त्यांचे नाव उतरले त्याला तोवर पाच वर्षे होत आली होती. त्या मालिकेत खेळणारे तरुण मात्र पुढील गावाच्या प्रवासखर्चाचा हिशेब करीत पहाटे सरावाला उभे राहतच होते. होगन यांना पहिल्या विजेतेपदापर्यंत पोहोचायला दहा वर्षे लागली, तीही अशा काळात की ज्यात कोणतीही शिडी नव्हती. पुढच्यांसाठी ती उभी राहिली, एवढे त्या तीन हंगामांनी साधले.